हुकमात एकच म्हैस

जावई एस.टी.तून उतरून आला तेव्हा मी म्हशीपुढं वैरण टाकत होतो. तो मिरजेहून आला होता आणि त्याच्या हातात पिशवी नव्हती. आमच्या घरी रिकाम्या हातानं तो कधी येत नाही, चार केळी तरी आणतोच. मी त्याच्याकडं नीट न बघताच विचारलं, "कवा?" तो म्हणाला, "पहाटं." एवढंच बोलणं झालं. हातातली कडब्याची पेंढी मी खाली ठेवली, परत उचलली, सोडली आणि म्हशीपुढं पसरली. अनसानं मला त्यासाठीच तर घरी धाडलं होतं. ऑपरेशनच्या आदल्या दिवशी दवाखान्यातल्या खाटेवरनं ती म्हणाली, "तुमी हितं बसून काय करणार? लेक हाय माझ्यापाशी. जावा, जनावर उपाशी मरंल." मी निघालो. बायकोचं ऐकायची मला सवय होती, तिनंच ती लावली होती.

आता महिना होऊन गेला. एका जागी बसवत नाही. बसलो की उठतो, उठलो की रस्त्यापर्यंत जातो, तिथं काही काम नसतं, परत येतो. लिहायला घेतलं तरी दोन ओळी झाल्या की गोठ्यात जाऊन येतो. जावई म्हणाला, आबा, सगळं मनात ठेवून फिरता त्यापेक्षा लिहून काढा, पुरवणीत छापतात असलं. माझी शाळा चौथीत सुटली. तेव्हा जसं येईल तसं लिहितो. मिरजेला पोचल्यावर काय झालं ते आत्ताच सांगणार नाही… आधी म्हशीचं सांगतो. त्याशिवाय अनसा कोण होती ते तुम्हाला कळायचं नाही.

आमचं गाव हमरस्त्याला, उंब्रजच्या अलीकडं. मी रस्त्यावर मैलकुली होतो. म्हणजे नेमून दिलेल्या मैलातले खड्डे भरायचे, कडेचं गवत खुरपायचं, झाडांना गेरू-चुना फासायचा. सरकारी नोकर म्हणायला, पण सगळ्यात खालच्या पायरीवरचा. आम्ही दीक्षा घेतली तशी आमच्या वस्तीनं गावकीची कामं सोडली. गावातलं मेलेलं जनावर ओढून न्यायचं काम पिढ्यान्‌पिढ्या आमच्याकडं होतं, तेही सोडलं. गावानं तोंड फिरवलं. दुकानदार मीठ देईना, विहिरीचं तर विचारूच नका. आणि नेमकं अशा वेळी अनसानं म्हैस घ्यायचं काढलं. मी म्हणालो, खुळी हायस का, आपलं दूध घेणार कोण? ती चुलीपुढं बसली होती, मागं न बघता म्हणाली, "मेलेली लय ओढली तुमी. आता एक जिती बांधू दारात."

बाजारात आम्ही दोघं गेलो. तिथं सौदा टॉवेलाखाली बोटं धरून होतो, बघणाऱ्याला भाव कळत नाही. बाईमाणूस त्या घोळक्यात शिरत नाही, पण अनसा शिरली. तिनं दात बघितले नाहीत, शिंगं बघितली नाहीत. सरळ म्हशीच्या पोटाशी बसली आणि कासेला हात घातला. म्हैस हलली नाही, नुसती मान वळवून बघत राहिली. तिच्या एका डोळ्यात पांढरी झाक होती. दलाल हसला, म्हणाला, आवं बाई, म्हैस घेताय का सोयरीक करताय? अनसा म्हणाली, "दोन्ही." ती म्हैस म्हणजे मैना. दूध गावात विकलं गेलं नाही, पण उंब्रजच्या स्टँडवरच्या हॉटेलवाल्यानं घेतलं. चहाच्या दुधाला तिथं कोण कुठलं विचारत नाही. मैनेचा एक हट्ट होता. अनसाशिवाय दुसऱ्या कुणाला ती पान्हा सोडत नसे. मी बसलो की दूध वर चढवायची आणि वरनं शेपूट मारायची. आमची लेक शांता लग्न होऊन मिरजेला गेली होती, त्यामुळं घरात अनसाला दुसरं लेकरू नव्हतं. मैना तिचीच होऊन बसली.

आमच्या दारात ती म्हैस बऱ्याच जणांना सलत होती. नदीपलीकडच्या एकानं तक्रार दिली की ही माझी चोरीला गेलेली म्हैस आहे. त्याला कुणी उठवला होता ते मला ठाऊक आहे, तो माणूस आता गेला, त्याचं नाव घेत नाही. ठाण्याचंही घेत नाही. भीतीनं नव्हे, तिथं आता दुसरी माणसं आहेत. जमादार दोन शिपाई घेऊन आला आणि मला पहिलं वाक्य बोलला ते असं, "तुज्याकडं रं असली म्हैस आली कुठनं?" मी बाजाराची पावती दाखवली. तो म्हणाला, बघू, चौकशी हुईल. मैना गाभण होती, पाचवा महिना लागला होता. तिला सोडून चालवायला लागले तर ती दारातच बसली. शेवटी अनसाच उठली, तिच्या गळ्याखाली खाजवलं, तिला उठवलं आणि स्वतः ठाण्यापर्यंत नेऊन पोचवली. स्वतःची म्हैस स्वतःच्या हातानं. मी संतापलो तर म्हणाली, "काठीनं मारत नेली असती. पोटातल्याला लागलं असतं."

खटला उभा राहिला तेव्हा तक्रारदाराला म्हशीचा कुठला डोळा पांढरा हेसुद्धा सांगता आलं नाही. कोर्टानं आम्हाला सोडलं आणि हुकूम दिला की म्हैस मालकाच्या ताब्यात द्यावी. खरं सांगतो, त्या न्यायाधीशाला आम्ही मनातनं हात जोडले. अनसानं त्या दिवशी येताना पदराखाली नवं दावं आणलं होतं आणि पेंडीचा एक खडा. तिला वाटलं, कोर्टानं म्हटलं म्हणजे आता ठाण्यात जायचं, दावं बांधायचं आणि संध्याकाळच्या आत घरी. मलाही तसंच वाटलं. कोर्टाच्या वर कोण असतं, असं आम्हाला वाटायचं.

कोर्टाच्या वर कारकून असतो. ठाण्यात गेलो तर म्हणाला, हुकमाची नक्कल अजून इथं आलेली नाही, आल्यावर या. आली तर म्हणाला, फौजदारसाहेबांची सही लागते आणि साहेब बंदोबस्ताला गेलेत. साहेब आले तर कारकूनच साताऱ्याला गेलेला. मग म्हणाले जनावराच्या डॉक्टराचा दाखला पाहिजे, म्हैस धडधाकट परत केली असं त्यानं लिहून दिलं पाहिजे. डॉक्टर कुठं, तर दौऱ्यावर. मी साताऱ्याला जाऊन मोठ्या कचेरीत अर्ज देऊन आलो. तिथल्या शिपायानं माझा मैलकुलीचा बिल्ला बघितला आणि म्हणाला, तू सरकारी माणूस असून सरकारच्या मागं लागतोस? ते वाक्य माझ्या पोटात राहिलं. नोकरी गेली तर काय, हे रोज वाटायचं. अनसाला ते भय नव्हतं. ती रोज पहाटे उठून दोन गावं ओलांडून ठाण्याला जायची, मी काम करत असलेल्या मैलावरनंच जायची. डोक्यावर गवताचा भारा, हातात पितळी तांब्या. माझ्यापाशी थांबायची नाही. नुसतं म्हणायची, जाऊन येते.

मैना ठाण्यामागं पोलिसांच्या लायनीत बांधली होती, जमादाराच्या खोलीला लागून. तिथंच ती व्याली, रेडी झाली. आमच्याकडं म्हैस व्याली की पहिला चीक घरात ठेवत नाहीत, खरवस करून आळीत वाटतात, ज्याच्याशी भांडण आहे त्याच्याकडंसुद्धा वाटी जाते. अनसा त्या दिवशी चीक काढून बसली होती. जमादाराची बायको भांडं घेऊन आली आणि सगळा घेऊन गेली. दुसऱ्या दिवशी खरवसाची एक वडी आणून दिली, अनसाच्या हातावर वरनं टाकली, हात लागू नये म्हणून. अनसानं ती वडी घरी आणली, मला दाखवली आणि म्हणाली, "माज्या हातचं दूध चालतं. हात चालत न्हाई." मग वस्तीतल्या पोरांना चिमूट चिमूट वाटली. वाटायची पद्धत मोडायची नाही म्हणून.

रेडी झाल्यावर तर कारकुनाला नवंच सापडलं. आम्ही गेलो तेव्हा त्यानं हुकूम काढला, बोट ठेवून वाचला आणि म्हणाला, "हुकमात एकच म्हैस हाय. हितं तर दोन जनावरं हायत. रेडी कुणाला देऊ?" मला वाटलं चेष्टा करतोय. चेष्टा नव्हती. तो म्हणाला, मुद्देमालात रेडी नोंदलेली नाही, मग ती कुणाची हे कोर्टानं सांगितलं पाहिजे, आणि आईशिवाय रेडी ठेवता येत नाही, म्हणून दोन्ही इथंच राहतील. अनसा त्याच्या टेबलाशी उभी होती. ती शांतपणे म्हणाली, "व्हय की. रेडीबी आमीच चोरली सायेब, पोटात घुसून." ठाण्यातले दोन शिपाई तोंड फिरवून हसले. कारकून हसला नाही. आम्ही परत कोर्टाची पायरी चढलो. वकील म्हणाला, असला अर्ज मी आयुष्यात केला नाही. कोर्टानंही पुन्हा लिहून दिलं, म्हैस आणि तिची रेडी, दोन्ही द्यावीत. आम्ही तो कागद घेऊन गेलो. कारकून म्हणाला, याचीही नक्कल रीतसर यायला हवी.

त्या दिवशी परत येताना माझ्या डोक्यात प्रकाश पडला. मी इतके दिवस कागदाकडं बघत होतो, म्हशीकडं बघतच नव्हतो. रोज सकाळी अनसा जाते, रोज मैना तिला पान्हा सोडते, रोज घट्ट दूध निघतं. ते दूध जातं कुठं? जमादाराच्या घरी, फौजदाराच्या घरी आणि कारकुनाच्या चहात. रेडी दूध पिऊन टाकेल म्हणून तिला लांब कोपऱ्यात बांधत, अनसा काढून झाल्यावर उरलंसुरलं तिला सोडत. त्यांना फुकटची म्हैस होती आणि फुकटची गवळण. कुठल्या गाढवानं सही केली असती? मी रस्त्यातच थांबून तिला सांगितलं. म्हणालो, म्हैस तुझ्यामुळं अडकलीय. तू काढायला जातेस म्हणून ते सोडत नाहीत. उद्यापासून जाऊ नकोस.

मग म्हणाली, "आवं, कास तटंल तिची."

"तटू दे."

"तुमाला काय वाटतं, ती ठाण्याची हाय म्हणून तिला दुखत न्हाई व्हय?"

ती आणखी बरेच दिवस जात राहिली. माझ्याशी बोलायची कामापुरतं. मला कळत होतं, तिच्या आत काय चाललंय. जनावराचं दुखणं थांबवायला जावं, तर जनावर कायमचं जातं. न जावं, तर आपल्या हातानं त्याला दुखवायचं. एवढा अवघड हिशोब कुठल्या साहेबानं केला नसेल. आणि तिचा कुणावर आरोप नव्हता. शिव्या मीच द्यायचो, ती फक्त गवत कापायची. रोज जास्तच कापायची, जणू एकदाचं पुरवून ठेवायचं आहे.

एक दिवस सकाळी ती भारा आणि तांब्या घेऊन आली आणि मी काम करत होतो तिथं मैलाच्या दगडावर बसली. पुढं गेली नाही. मी खडी टाकत होतो. ती दोन्ही हात मांडीखाली दाबून बसली होती, लहान मूल रडायचं थांबवायला बसतं तशी. रस्त्यावरनं ट्रक जात होते, बैलगाड्या जात होत्या, ती ठाण्याच्या दिशेला तोंड करून बसलेली. ठाणं इतकं लांब, काही ऐकू यायचं कारण नव्हतं. तरी मधूनच ती म्हणायची, "वरडतीया." ऊन चढल्यावर भारा उचलून घरी गेली. दुसऱ्या दिवशी परत तशीच आली, तशीच बसली. त्या दिवशी ती जेवलीही नाही आणि मला म्हणाली, आज काय बोलू नका, मी उठंन आणि जाईन. मी बोललो नाही. आयुष्यात मला गप्प बसायला इतकं जड कधी गेलं नाही.

तिसऱ्या सकाळी एक शिपाई सायकल मारत आला, घामाघूम. आमच्याकडं बघून उतरला आणि अनसाला म्हणाला, "बाई, चल गं लवकर. म्हैस कुणाला जवळ यिऊ दीना. जमादारानं पाय बांधून काढायला बघितलं, त्याला लाथ बसलीया." मला आधी बरं वाटलं, लाथेचं. अनसाचा चेहरा मात्र उतरला. पाय बांधून ओढलं म्हटल्यावर काय झालं असेल ते तिला कळलं. ती दगडावरनं अर्धी उठली. मग परत बसली. म्हणाली, "म्हैस घिऊन या हितं. रेडीबी. मी तितं येनार न्हाई." शिपाई म्हणाला, साहेब रागावतील. ती म्हणाली, साहेबाला म्हणावं, रागावून दूध निघतं का बघा.

दुपारनंतर रस्त्यावर मैना दिसली. पुढं तोच शिपाई, सायकल हातात धरून, मागं म्हैस आणि म्हशीमागं रेडी उड्या मारत. साहेबाची सही नाही, डॉक्टरचा दाखला नाही, नक्कल नाही. जे इतके महिने नियमानं होत नव्हतं ते अर्ध्या दिवसात बिननियमाचं झालं. शिपायानं दावं अनसाच्या हातात दिलं आणि निघून गेला. तो वाईट माणूस नव्हता. अनसानं आधी म्हशीकडं बघितलं नाही, वाकून कास बघितली. एक सड सुजून दगडासारखा झाला होता, टोकाला रक्त. तिनं तिथंच, रस्त्याच्या कडेला, आधी रेडी सोडली, मग हलक्या हातानं बाकीच्या सडांतलं दूध मातीत काढलं. सगळं मातीत. एक थेंब घेतला नाही. तो सड पुढं कधी चालला नाही. लोक म्हणायचे, अनसाबाई, कोर्टानं सोडवली बघा म्हैस. ती म्हणायची, "कोर्टानं कुठली? तिच्या सडानं सोडवली."

त्यानंतर आमच्याकडं आसपासची माणसं यायला लागली. कुणाची सायकल ठाण्यात, कुणाची गाडी, कुणाचं विहिरीवरचं इंजिन, कोर्टानं द्या म्हटलेलं आणि कचेरीनं न दिलेलं. सांगलीकडनंसुद्धा एक बाप्या आला होता, त्याची छकडागाडी अडकली होती. मला वाटायचं ही त्यांना साहेबाचं नाव सांगेल, वकील सांगेल. ती फक्त एवढंच विचारायची, तुमची वस्तू तितं कोन वापरतंय? माणूस विचार करायला लागायचा. इंजिन कुणाच्या मळ्यात चाललंय, सायकल कुणाचा पोरगा शाळेला नेतोय. ती म्हणायची, ते आधी बघा, मग कागद घेऊन पळा. शिकलेली नव्हती, आणि मोठेपणाही घेत नव्हती. आपण काही केलं असं तिला वाटत नव्हतं. उलट धार काढायला बसली की आधी तो मेलेला सड हातात धरायची, थोडा वेळ, मग बाकीच्यांना हात लावायची. मैना म्हातारी होऊन मेली. आम्हीच पुरली, गोठ्यामागं, ओढून कुठं नेली नाही. आज दावणीला आहे ती तीच रेडी, हुकमात नसलेली.

आता मिरजेचं सांगतो.

जावयाबरोबर मी पोचलो तेव्हा दुपार झाली होती. शांता जिन्याखाली बसली होती, तिला मी उठवलं. पुढचं सगळं झालं, ते लिहीत नाही. निघताना एक नर्स मागनं आली. केरळकडची असावी, मोडकंतोडकं मराठी बोलायची. तिच्या हातात फडक्याची छोटी पोटली होती. ऑपरेशनला आत नेण्याआधी अंगावरचं काढून ठेवायला सांगतात, तसं अनसानं काढलं होतं. काळ्या मण्यांची पोत, जोडवी, काचेच्या बांगड्या, आणि तंबाखूची चंचीही आत असणार, ती तिच्याशिवाय कुठं जात नसे. स्वतःच बांधून दिलं होतं म्हणे, दुसऱ्या कुणाला बांधू दिलं नाही. नर्स म्हणाली, "बाबा, हे तुमचं." मी विचारलं, सही कुठं करायची? ती म्हणाली, सही नको. मी म्हणालो, अंगठा? ती म्हणाली, काही नको बाबा, घेऊन जा. आणि वळून गेली. मी तिथंच उभा राहिलो. जावई म्हणाला, चला आबा. आमची वस्तू इतक्या लवकर, इतक्या सरळ, आजवर कुणीच परत केली नव्हती… मला वाटत होतं अजून कुणीतरी येईल आणि म्हणेल, थांबा, साहेब नाहीत, आज मिळणार नाही. त्या दिवशी तसं म्हणणारं कुणी पाहिजे होतं. कुणी आलं नाही.

पोटली घरात भिंतीतल्या दिवळीत ठेवली आहे. शांता दोनदा येऊन गेली. परवा आली तेव्हा म्हणाली, आबा, आईची जोडवी मला द्या, बाकीचं राहू दे तुमच्याकडं. तिचा हक्कच आहे, कोण नाही म्हणतंय. मी उठलो, दिवळीपर्यंत गेलो, पोटली हातात घेतली. निरगाठ आहे, घट्ट. अनसाची गाठ कधी सुटायची नाही, तीच सोडायची. मी ती परत ठेवली आणि म्हणालो, आज नको, पुढच्या खेपेला ये, मग देतो.

शांतानं दिवळीतल्या पोटलीकडं बघितलं, माझ्याकडं बघितलं. मग तिला हसू आलं आणि हसता हसता रडू आलं. म्हणाली, "आबा, तुमी तर ठाण्यातलं कारकून झालासा की वं."

झालो असेन. ती संध्याकाळच्या गाडीनं गेली. मी रस्त्यापर्यंत पोचवायला गेलो, गाडी हलली तरी तिथंच फिरत राहिलो, मग घरी आलो. पोटलीला हात लावून बघितला. गाठ अजून तिच्या हातची आहे.